जब्बार पटेल आणि आपली मराठी

मराठी नाटक-सिनेमाच्या गेल्या पन्नास वर्षांतून जब्बार पटेल हे नाव काढून टाकायचे ठरवले, तर काय काय जाईल? 'घाशीराम कोतवाल' जाईल. 'तीन पैशाचा तमाशा' जाईल. 'सामना', 'जैत रे जैत', 'सिंहासन', 'उंबरठा' जातील. मराठी माणूस ज्याला अभिमानाने आपले म्हणतो, त्यातले बरेच जाईल. आणि तरीही सातपुड्याच्या पायथ्याच्या आमच्या सोनाळ्यात उर्दू शाळेत शिकवताना आम्हाला अजून सांगावे लागते की मुसलमानाची जबान मराठी असू शकते. ते दोन्हीकडच्या लोकांना सांगावे लागते.

जब्बार पटेल जन्माने पंढरपूरचे, १९४२ चे. वडील रेल्वेत. शाळा सोलापूरची, हरिभाई देवकरण. प्रा. श्रीराम पुजारी यांचे गाण्या-साहित्यात रमलेले घर या मुलाला खुले होते. पुढे ज्या सोलापुरात १९९० साली पहिले मुस्लिम मराठी साहित्य संमेलन भरले, तेच हे सोलापूर. तिथून पुण्याचे बी. जे. मेडिकल, आणि मग दौंडला बालरोगतज्ज्ञ म्हणून दवाखाना. दिवसा लेकरे तपासायची आणि संध्याकाळी पुण्याला तालमीला जायचे, हे त्यांनी कसे निभावले असेल त्यांनाच ठाऊक. आम्हाला पाच तास शिकवून आल्यावर वर्तमानपत्र धरवत नाही.

१९७२ च्या डिसेंबरात 'घाशीराम' आले. तेंडुलकरांचे नाटक, पेशवाईतले पुणे, नाना फडणवीस. गदारोळ उठला. एकोणीस प्रयोगांनंतर मूळ संस्थेने नाटक थांबवले, तेव्हा या मंडळींनी १९७३ मध्ये थिएटर अकॅडमी काढून ते पुन्हा उभे केले. १९८० मध्ये ते युरोपात गेले. एका मुसलमान दिग्दर्शकाने पेशवाईवर बोट ठेवले! आज कुणी धजावेल का, हा विचार आमच्या मनात येतो. पण त्यांनी तेव्हा कुणाची परवानगी मागितली नव्हती, आणि आपण कोण आहोत याचा खुलासाही दिला नव्हता.

'सामना' १९७५ मध्ये बर्लिनच्या महोत्सवात स्पर्धेत होता. साखर कारखान्याचा धनी हिंदुराव म्हणजे निळू फुले, आणि दारूत बुडालेले मास्तर म्हणजे डॉ. लागू. मारुती कांबळेचे काय झाले, एवढेच ते मास्तर विचारत राहतात. सहकाराच्या महाराष्ट्राला तो प्रश्न अजून झोंबतो. पेशाने मास्तर असल्यामुळे आम्हाला जरा जास्तच झोंबतो.

आपल्या लोकांची एक तक्रार मात्र आम्ही पुष्कळदा ऐकली आहे. या माणसाने ठाकरांवर सिनेमा काढला, मंत्रालयावर काढला, 'मुक्ता'त दलित-सवर्ण प्रेम दाखवले, 'डॉ. बाबासाहेब आंबेडकर' काढला. मग आपल्या घरावर का नाही? त्यांच्या या गाजलेल्या चित्रपटांत एकाच्याही मध्यभागी मुस्लिम घर नाही, हे खरे आहे. पण आम्हाला ही तक्रार पटत नाही. मुसलमानाने मुसलमानावरच बोलावे, ही अट आपल्याला बाहेरून घातली जाते तेव्हा आपण चिडतो. तीच आपण आतून का घालावी?

शिवाय आपले घर त्यांच्या सिनेमात नाही असे तरी कसे म्हणावे? 'उंबरठा' (१९८२) आम्ही घरी सगळ्यांनी मिळून पाहिला. स्मिता पाटीलची सुलभा महिलाश्रमाच्या नोकरीसाठी घर सोडते, परत येते, नवऱ्याच्या आयुष्यात दुसरी बाई असल्याचे कळते, आणि पुन्हा निघते. भाभी म्हणाल्या, "रुक जाती तो घर बचता." अम्मी म्हणाल्या, "कौनसा घर?" मग कुणी काही बोलले नाही. दहावीनंतर मुलीला बाहेरगावी पाठवावे की नाही, यावरून आमच्याकडे किती घरांत रात्री जागतात ते आम्ही पालकसभेत पाहतो. पाटावरच्या महाजनांचे घर आणि मोहल्ल्यातले घर इथे फार लांब नाही.

तरी आतली एक गोष्ट उरतेच. शेवया वाळत घातलेली गच्ची, वऱ्हाडी मिसळलेली आपली उर्दू, निकाहच्या आदल्या रात्रीची कुजबुज, हे पडद्यावर मराठीत यायचे तर आधी कुणीतरी मराठीत लिहिलेले हवे. 'सिंहासन'च्या मागे अरुण साधूंच्या कादंबऱ्या होत्या, 'जैत रे जैत'च्या मागे गो. नी. दांडेकर होते, 'उंबरठा'च्या मागे शांता निसळांची 'बेघर' होती. तेव्हा आधी पुस्तक कुठे आहे, हे विचारायला हवे.

२०२४ मध्ये ते शंभराव्या मराठी नाट्यसंमेलनाचे अध्यक्ष झाले, तेव्हा आम्ही वर्गात बातमी वाचून दाखवली. नववीतला एक मुलगा म्हणाला, "सर, ये अपने में के हैं क्या?" आम्ही हो म्हटले. त्याचा दुसरा प्रश्न, "फिर मराठी में क्यूं बोलते?" आम्ही त्याला 'आमचे घर' या विषयावर मराठीत लिहून आणायला सांगितले. दीड पान आणले त्याने. आजीचे पान कुटणे, कापसाच्या गाडीवर गेलेला बाप, दुधाची उधारी. शुद्धलेखनाच्या चुका भरपूर. त्यात 'दादी' आणि 'फिक्र' हे दोन शब्द त्याने मराठीतच लिहिले आहेत असे समजून लिहिले होते. बाकीच्या चुकांवर आम्ही लाल शाई फिरवली.