डोरा आणि डोळा

भंडाऱ्याच्या भाजीबाजारात पाच मिनिटं उभं राहिलं, की कोण कुठली ते बरोबर कळतं. ‘सांबार’ मागते ती इथली. ‘कोथिंबीर’ मागते ती बदलीवर आलेल्या साहेबांची बायको. पण आताशा इथल्या सुनाही ‘कोथिंबीर’ म्हणू लागल्या आहेत. भाजीवाली काही बोलत नाही, मुकाट्यानं जुडी पिशवीत टाकते.

सांबार तर साऱ्या विदर्भाचाच शब्द. आमची खास म्हणावी ती झाडीबोली. भंडारा, गोंदिया, गडचिरोली आणि चंद्रपूरकडचा भाग म्हणजे झाडीपट्टी, जंगलाचा मुलूख. या बोलीत ‘ण’ नाही, म्हणून पाण्याचं ‘पानी’. ‘श’ नाही, म्हणून शेताचं ‘सेत’. आणि ‘ळ’ नाही. वऱ्हाडात डोळ्याचा ‘डोया’ होतो, आमच्याकडे ‘डोरा’. फळाचं ‘फर’.

गावातल्याच एका शाळेतली गोष्ट. खेड्यातून आलेली एक मुलगी बाईंना म्हणाली, “माझा डोरा दुखते.” सगळा वर्ग फिदीफिदी हसला, बाईही हसल्या. डोळा राहिला बाजूला. त्यानंतर कितीतरी दिवस ती मुलगी वर्गात तोंड उघडेना. तिची आई मला हे सांगत होती, आणि सांगताना तीसुद्धा मोठ्या कष्टानं ‘डोळा, डोळा’ म्हणत होती.

तेव्हापासून मनात येतं, ही बोली खरंच का ‘अशुद्ध’ आहे? मी बी.ए.ला मराठी घेतलं होतं, थोडीफार पुस्तकं घरात आहेत. ज्या महाराष्ट्री प्राकृताला आपण मराठीची आजी म्हणतो, तिच्यातही ‘श’ आणि ‘ष’ नव्हते. सगळीकडे ‘स’च. मग आमच्या सासूबाई ‘सेत’ म्हणतात त्यात त्यांची जीभ जड आहे असं कसं म्हणायचं? आणि ‘पानी’चं म्हणाल तर हिंदी सिनेमातली नायिका ‘पानी’ म्हणाली की ते गोड, आणि आमची धुणंभांडी करणारी म्हणाली की ते गावंढळ! हा न्याय कुठला?

गावही काही कालपरवाचं नाही. भंडाऱ्याचं जुनं नाव ‘भाणारा’. बाराव्या शतकातल्या रतनपूरच्या शिलालेखात ते सापडतं. जवळच्या पवनीला १९६९-७० मध्ये उत्खनन झालं, तेव्हा दोन हजार वर्षांहून जुने बौद्ध स्तूप निघाले. दान देणाऱ्यांचे लेख ब्राह्मी लिपीत, प्राकृत भाषेत कोरलेले. म्हणजे वैनगंगेच्या काठावरची माणसं फार पूर्वीपासून लिहिती-बोलती होती. पुढे नागपूरकर भोसल्यांचं राज्य आलं, १८५३ मध्ये ते इंग्रजांनी घेतलं. मग मध्य प्रांत, १९५६ मध्ये मुंबई राज्य, १९६० मध्ये महाराष्ट्र. १९९९ मध्ये जिल्ह्याचे दोन भाग होऊन गोंदिया वेगळा झाला. एवढ्या उलाढालीत हिंदी, पोवारी, गोंडी अशा शेजारणी भेटत गेल्या, आणि शेजारणींत जशी वाटी-वाटी साखरेची देवघेव होते तशी शब्दांची झाली.

बोलीची खरी श्रीमंती बघायची तर धानाच्या बांधीत जावं. रोपांचे ‘पऱ्हे’, लावणीचा ‘रोवना’, बांधाचा ‘धुरा’, कापून आडवा ठेवलेला ‘कडपा’, रचलेला ‘पुंजना’, मळणीचा ‘चुरना’. लहान तळं असेल तर ती ‘बोडी’. तलावांचा जिल्हा आमचा, पाण्याचे शब्द कमी कसे पडतील? एकेका शब्दात एकेका कामाची रीत आहे. आता पुष्कळ ठिकाणी चुरना यंत्रानं होतो. तो शब्द आमच्या मुलांना कोण सांगणार?

साकोलीच्या डॉ. हरिश्चंद्र बोरकर यांनी या बोलीचा अभ्यास केला, तिचा शब्दकोश तयार केला. झाडीबोलीची साहित्य संमेलनंही भरतात. दिवाळीनंतर गावोगाव मंडई भरते, रात्र रात्र दंडार आणि नाटकं चालतात. तिथे हीच बोली ऐकून माणसं पोट धरून हसतात आणि डोळेही पुसतात. मंचावर चालते ती बोली दिवाणखान्यात मात्र चालत नाही.

आमच्याच घरचं सांगते. सासूबाई एरवी इतक्या बोलक्या, की स्वयंपाकघरात रेडिओ लावायची गरज नाही. पण नागपूर-पुण्याकडचे पाहुणे आले की गप्प. “घ्या जी, पानी घ्या,” एवढं म्हणायलाही संकोच. पाण्याचा गडू माझ्या हातात देतात आणि आत जाऊन बसतात. ऐंशीच्या घरातल्या बाईला स्वतःच्या घरात तोंड मिटून बसावं लागतं, याचं वाईट वाटतं.

मी अर्धवेळ शिकवते, तेव्हा पेपरात ‘डोळा’च लिहायला हवा हे मला ठाऊक आहे. नोकरीच्या अर्जावर ‘सेत’ चालत नाही. पण बाहेर जाताना ठेवणीतली साडी नेसली म्हणून घरातलं मऊसूत लुगडं कोणी चुलीत घालत नाही. दोन्ही घडी घालून ठेवता येतात. माझ्या वर्गात कोणी ‘डोरा’ म्हणालं तर मी फळ्यावर दोन्ही शब्द शेजारीशेजारी लिहिते. एक आजीचा, एक पुस्तकाचा. मग मुलंच चढाओढीनं घरचे शब्द आणतात.

मैत्रिणींनो, आपण लोणच्याचं प्रमाण, विणकामाचे टाके वहीत उतरवून ठेवतो. त्याच वहीची मागची चार पानं आई-सासूच्या शब्दांसाठी ठेवा. तुमची बोली वऱ्हाडी असो, मालवणी असो की अहिराणी. मंडईला माहेरी गेलात, की चुलीजवळ बसून विचारा, “आई, याला आपल्याकडे काय म्हणतात?” सुरुवातीला ती संकोचेल. मग एकेक शब्द काढील. हातातलं काम बाजूला ठेवून ऐका आणि तिच्यासमोरच लिहून घ्या.