पागनीसांचं काय काय उरलं

चेहरा. तुकोबा सतराव्या शतकातले, त्यांचा फोटो असणं शक्यच नव्हतं. तरी डोळे मिटले की जुन्या पिढीतल्या कित्येकांना जे तुकोबा दिसतात, ते विष्णुपंत पागनीस असतात. प्रभात फिल्म कंपनीच्या १९३६ च्या 'संत तुकाराम' चित्रपटातला त्यांचा चेहरा तसबिरीत गेला, तिथून देव्हाऱ्यात गेला. त्याला हार पडले, गंध लागलं. खाली नाव अर्थातच तुकाराम महाराजांचं. आता त्या तसबिरीही भिंतींवरून उतरल्या.

स्त्रीपार्ट. चिकोडीत १८९२ साली जन्मलेला हा मुलगा स्वदेश हितचिंतक नाटक मंडळीत लुगडं नेसून उभा राहिला. पुढे नाटक सुटलं; पागनीस संगीत शिकवू लागले, भजनात रमले. दिग्दर्शक दामले-फत्तेलालांनी त्यांना तुकारामासाठी निवडलं तेव्हा प्रभातच्या व्ही. शांतारामांना शंका होती, असं सांगतात. अंगात मुरलेला बायकी हळुवारपणा संताला शोभेल का? पडद्यावर पाहावं. चालण्यातला संकोच, मान किंचित कलती, बायकोचा, आवलीचा तोंडपट्टा चालू असताना चेहऱ्यावर पसरणारं कानकोंडं हसू. मला तर वाटतं, हा तुकाराम त्या हळुवारपणातूनच आला. कमावलेल्या छातीच्या नटाला तो सापडला नसता. लहानपणी अंगावर चढलेलं लुगडं चाळीस उलटल्यावर असं कामी आलं. स्त्रीपार्टची ती अख्खी शाळाच आता मोडली.

गळा. भजनातून आलेला, सभा जिंकायची घाई नसलेला. संगीत केशवराव भोळ्यांचं. एक अभंग शांताराम आठवल्यांनी चित्रपटासाठी नवा लिहिला, तो जाणकारही गाथेत शोधत बसले. तो खरा वाटला, यात आठवल्यांइतकाच पागनीसांच्या गळ्याचा वाटा आहे.

आवली. ती भूमिका करणारी गौरी. प्रभातमध्ये एक्स्ट्रा म्हणून आलेली बाई. श्रेयनामावलीत एवढंच नाव, आडनाव नाही. पागनीसांचा तुकाराम आभाळाकडे निघाला की ती त्याला जमिनीवर, चुलीपाशी खेचते. एकाचं काम दुसऱ्याशिवाय उभंच राहत नाही. तिच्याविषयी फार थोडं लिहिलं गेलं, याचं मला फार वाईट वाटतं.

'संत तुकाराम'चे मुंबईच्या सेंट्रल थिएटरमधले ५७ आठवडे. व्हेनिसच्या महोत्सवातला १९३७ चा गौरव. हे दोन्ही पुस्तकांत नोंदलेलं आहे, त्याची काळजी नाही.

प्रभात टॉकीज. १९३४ पासून पुण्यात, अप्पा बळवंत चौकाजवळ. थिएटर किबे यांचं, चालवायला प्रभातकडे. २०१४ अखेर करार संपला आणि दारावर पुन्हा किबे लक्ष्मी हे नाव आलं. प्रभात रस्ता तेवढा पत्त्यांत टिकून आहे.

स्टुडिओ. प्रभात कोल्हापूरहून १९३३ मध्ये पुण्यात आली. पुढे कंपनी बुडाली, जागेवर फिल्म इन्स्टिट्यूट उभी राहिली. जिथे चित्रपटासाठी तुकोबांचं देहू उभं केलं होतं, तिथे आज मुलं कॅमेरा शिकतात. त्यांच्यापैकी कुणी पागनीसांची चाल निरखत असेल, अशी आशा आहे.

रिळं. त्या काळची फिल्म नायट्रेटची. ती जळते तेव्हा स्वतःच प्राणवायू सोडते, त्यामुळे पाण्याखालीही विझत नाही. ८ जानेवारी २००३ ला इन्स्टिट्यूटच्या आवारातल्या नायट्रेटच्या तिजोरीला आग लागली आणि जुन्या चित्रपटांची हजारो रिळं गेली. 'संत तुकाराम' प्रतींमुळे वाचला, आजही पाहता येतो.

नंतरच्या भूमिका. 'संत तुलसीदास', 'नरसी भगत', 'महात्मा विदुर'. एकदा संत झालेल्या नटाला कुणी दुसरं काम दिलं नाही. पागनीस १९४३ मध्ये गेले, पन्नाशीत. या चित्रपटांची नावं तरी आज किती जणांना ठाऊक आहेत!

चोपड्या. थिएटरच्या दारात मिळणारी गाण्यांची पातळ पुस्तिका: मुखपृष्ठावर नट, आत कथासार, गाणी, काम करणाऱ्यांची नावं. रद्दीत सगळ्यात आधी हीच जाते, आणि पागनीसांचं नाव छापील स्वरूपात सापडण्याची एक जागाही हीच. पुण्यातल्या जुन्या ट्रंकांत अजून काही असतील. तबकड्या असतील, कंपनीचे फोटो असतील. लॉ कॉलेज रस्त्यावर राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे, तिथे नेऊन दाखवावं. रीळ सापडलं तर ते उन्हात, चुलीजवळ किंवा समईजवळ ठेवू नये, प्रोजेक्टरवर चढवून पाहू नये. आधी संग्रहालयाला फोन करावा.