कारादीचं बुडापेस्ट

बुडापेस्टच्या ब्लाहा लुयझा चौकातून २८ नंबरची ट्राम पूर्वेला कोबान्याकडे जाते. चौकाला नाव एका गायिका-अभिनेत्रीचं, आणि मी निघालो होतो दुसऱ्या एका गायिका-अभिनेत्रीचा मोहल्ला बघायला. कोबान्यात पर्यटक फारसे फिरकत नाहीत. चुनखडीच्या खाणींचा हा कष्टकऱ्यांचा भाग. पेस्टच्या कितीतरी देखण्या इमारतींचा दगड इथलाच. खाणी रिकाम्या झाल्यावर त्या पोकळ्यांत बिअरवाल्यांनी तळघरं थाटली. १९१० साली इथल्या एका जोडे शिवणाऱ्या कारागिराच्या गरीब घरात सातवं मूल जन्मलं. कातालिन कांट्सलेर. पुढे ती कातालिन कारादी झाली.

१९३९ साली लायोश झिलाहीच्या कादंबरीवरचा 'हालालोश तावास' हा चित्रपट आला. 'प्राणघातक वसंत'. समोर पाल यावोरसारखा लोकप्रिय नायक असूनही लोकांच्या लक्षात राहिली ती कारादी. घोगरा, खालच्या पट्टीतला आवाज, जड पापण्या, आणि कुणाचीच परवानगी न मागणारा वावर. तोवरच्या गोड, खेळकर नायिकांच्या शेजारी ही बाई अगदीच निराळी होती. पुढच्या पाचेक वर्षांत तिने चित्रपटांचा धडाका लावला. तिची गाणी घराघरांत वाजली, तिची केशरचना बायका उचलू लागल्या. पण तिला नुसती मोहिनी म्हणून आठवणं हा तिच्यावर अन्याय आहे.

डॅन्यूबच्या काठाने जाणाऱ्या २ नंबरच्या ट्रामने मी संसदेपाशी उतरलो आणि दक्षिणेला चालत गेलो. नदीच्या अगदी कडेला लोखंडी जोड्यांचे ६० जोड मांडलेले आहेत. २००५ सालचं हे स्मारक. एका बायकी बुटाची टाच झिजलेली, शेजारी पोराचा इवलासा बूट, त्यात कुणीतरी ठेवलेला खडा. दुसऱ्या महायुद्धात हंगेरीच्या ॲरो क्रॉस पक्षाचे फॅसिस्ट इथे ज्यूंना जोडे काढायला लावत आणि मग गोळ्या घालून नदीत ढकलत. जोडे विकता येत, म्हणून काढायचे.

मार्च १९४४मध्ये जर्मनीने हंगेरी ताब्यात घेतली आणि एप्रिलमध्ये गेस्टापोने कारादीला उचललं. तिचा प्रियकर इश्तवान उय्सासी हेरखात्याचा प्रमुख होता. दोस्त राष्ट्रांसाठी हेरगिरीचा आळ तिच्यावर आला. कोठडीत तिचा अतोनात छळ झाला. काही महिन्यांनी ती सुटली. अशा छळातून बाहेर आलेल्या माणसाने दार लावून गप्प बसणं कुणीही समजून घेतलं असतं. तिने न्यारी पाल रस्त्यावरच्या आपल्या घराचं दार ज्यूंसाठी उघडलं. याच डॅन्यूबच्या काठावर मारायला आणलेली मुलं तिने स्वतःचे दागिने देऊन सोडवली. लोखंडी बुटांसमोर उभं राहिल्यावर या एका कृत्यापुढे तिचे सगळे चित्रपट मला लहान वाटले.

युद्धानंतरच्या कम्युनिस्ट राजवटीला ती नकोशी होती. उय्सासीला सोव्हिएत फौजेने नेलं; त्याचं पुढे काय झालं ते कधीच नीट कळलं नाही. तिला काम मिळेनासं झालं. १९५१मध्ये ती देशाबाहेर पळाली. साल्झबर्ग, ब्रसेल्स करत ब्राझीलमधल्या साओ पावलोला पोचली आणि दुकान चालवून जगली. १९६८पासून न्यूयॉर्क, तिथे टोप्यांचा व्यवसाय. पुन्हा ती चित्रपटात दिसली नाही आणि जिवंतपणी हंगेरीत परतली नाही.

८ फेब्रुवारी १९९०ला न्यूयॉर्कमध्ये तिचं निधन झालं. हंगेरीत कम्युनिस्ट राजवटीनंतरच्या पहिल्या मुक्त निवडणुकांना तेव्हा जेमतेम दीड महिना उरला होता. देह बुडापेस्टला आणला गेला, सेंट स्टीफन बॅसिलिकात प्रार्थना झाली आणि बुडाच्या टेकडीवरच्या फारकाश्रेत दफनभूमीत ती विसावली. संगीतकार बार्तोकही न्यूयॉर्कमध्येच वारला आणि १९८८मध्ये इथे परत आला.

बुडापेस्टला गेलात तर सेल काल्मान चौकातून ५९ नंबरची ट्राम धरा आणि फारकाश्रेतला उतरा. तिथे तिच्यासाठी फूल नेताना नटी म्हणून नका नेऊ. २००४ साली इस्रायलच्या याद वाशेम या स्मारकसंस्थेने ज्यूंचे प्राण वाचवणाऱ्या परधर्मीयांच्या यादीत तिचं नाव घातलं. त्या बाईसाठी न्या.