मेंदीच्या कुंपणातला सरडा

दिल्लीतल्या पहिल्याच हिवाळ्यात मला सरडे दिसेनासे झाले. चिपळूणला आमच्या गडग्यावर डिसेंबरातही दुपारी एखादा ऊन खात बसलेला असायचा. इथे वसंत कुंजमध्ये थंडी पडू लागली की ते भेगांत, दगडांखाली, पालापाचोळ्यात शिरतात आणि होळीच्या सुमारास पुन्हा कुंपणावर येतात. या सरड्यांची कॅलोटिस ही दक्षिण आणि आग्नेय आशियातल्या उष्ण प्रदेशातली प्रजाती. तिच्या कितीतरी जाती सह्याद्रीतलं, श्रीलंकेतलं किंवा मिझोरममधलं रान सोडून बाहेर पडत नाहीत. आपला बागेतला सरडा मात्र जानेवारीतले चार-पाच अंश आणि जूनमधले पंचेचाळीस, दोन्ही सोसतो, तेही सोसायटीच्या मेंदीच्या कुंपणात. मला त्याचं फार अप्रूप आहे.

एप्रिलपासून नर रंगात येतो. डोकं, गळा, खांदे लालभडक, गळ्याच्या दोन्ही बाजूंना काळे डाग. कुंपणाच्या टोकावर बसून तो पुढच्या पायांवर अंग वर-खाली करत राहतो. दुसरा नर आला की दोघं तोंड वासून एकमेकांवर धावतात, आणि हरलेल्याचा रंग बघता बघता मातकट होतो. आमचा माळी म्हणाला, "मॅडम, ये खून पीता है, इसीलिए लाल है." ही समजूत काही त्याच्या एकट्याची नाही, इंग्रजांनीही याला रक्तपिपासू अशाच अर्थाचं नाव ठेवलं होतं. खरं तर हा रंग विणीच्या हंगामातल्या संप्रेरकांचा असतो. तो खातो किडे, मुंग्या, नाकतोडे. पण पोरांचे दगड बसतात ते नेमके सगळ्यात लाल नराला, म्हणजे ज्याला पिल्लं होण्याची शक्यता सर्वांत जास्त, त्यालाच. शिवाय सरड्याची शेपटी पालीसारखी तुटून पुन्हा उगवत नाही. दगडाने गेली ती गेलीच.

जुलैतल्या पहिल्या मोठ्या पावसानंतर एका सकाळी कुंपणाच्या मुळाशी मादी माती उकरताना दिसली. मी पायरीवर बसून राहिले. ती पुढच्या पायांनी उकरायची, थांबायची, मान वळवून बघायची, पुन्हा उकरायची. मग खड्ड्यात मागचा भाग सोडून ती स्थिर झाली. अंडी देऊन झाल्यावर तिने माती लोटली आणि नाकाडाने ठोकून ठोकून दाबायला लागली. एवढं निगुतीने की शेवटी जागा कुठली ते मलाही कळेना. एका वेळी साधारण १० ते २० अंडी असतात, आणि पिल्लं बाहेर यायला दीड-दोन महिने लागतात. तेवढा काळ ती माती कुणी खणू नये, एवढंच तिला हवं असतं. पण आमच्याकडे कुंपण छाटून आळी खणायची ती पावसाळ्यातच.

इतक्या परिचयाच्या या प्राण्याकडे शास्त्रज्ञांचंही नीट लक्ष जायला उशीरच झाला. १८०२ मध्ये फ्रेंच अभ्यासक दोदँ यांनी नाव दिलेला कॅलोटिस व्हर्सिकलर पाकिस्तानपासून आग्नेय आशियापर्यंत एकच, असं दोन शतकं धरून चाललं होतं. २०२१ मध्ये गौरांग गोवंडे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी जनुकं आणि शरीररचना तपासून दाखवलं की या एका नावाखाली अनेक जाती आहेत. खरा व्हर्सिकलर दक्षिण भारतातला आणि पूर्व किनाऱ्याच्या काही भागातला. गंगेच्या पूर्वेकडच्या मैदानातल्या सरड्याला व्हल्टुओसस हे १८२५ मधलं विस्मरणात गेलेलं नाव परत मिळालं, तर पाकिस्तानातला फारुकी वेगळा ठरला. हे वाचल्यापासून कुंपणावरच्या सरड्याला 'साधा' म्हणवत नाही.

रात्री जेवणानंतर मी टॉर्च घेऊन खाली जाते. दिवसा पानांत न दिसणारे सरडे तेव्हा लगेच सापडतात. बारीक फांद्यांच्या अगदी टोकाला, फिकट पडून, डोळे मिटून झोपलेले. तिथवर साप चढला तर फांदी हलून त्यांना जाग येते. शेजारच्या मुलांना मी सोबत नेते आणि सरडे मोजायचं काम त्यांच्यावर सोपवते. त्या मुलांनी आता दगड मारणं सोडलंय.

सोसायटीच्या बैठकीत यंदा मी मागणी केली : मागच्या बाजूच्या कुंपणाची छाटणी आणि खणणी ऑक्टोबरात करा, आणि कीटकनाशक तिथे मारूच नका. छाटणी पुढे ढकलायला ते तयार झाले. फवारणीचं अजून मान्य झालेलं नाही. पुढच्या बैठकीत तो विषय मी पुन्हा काढणार आहे.