कोऱ्या भांड्यांची यादी

तुळशीची लग्नं लागली की भांड्यांच्या दुकानांतला आवाज बदलतो. एरवी तिथे कुणी एकटंच येतं, झाकण हरवलेल्या पातेल्याला झाकण शोधतं आणि जातं. लग्नसराईत मात्र अख्खी घरं उतरतात. काठावर टिचकी मारून नाद ऐकणारी आजी, वजनकाट्यावरून नजर न हलवणारे वडील, भाव पाडणारी काकू. आणि या सगळ्यांच्या मागे उभी असलेली नवरी, जिला कुणी काही विचारत नाही. या शेवटच्या गोष्टीचं मला नेहमी वाईट वाटत आलं आहे.

म्हणूनच बहिणीची मुलगी जेव्हा म्हणाली, "मावशी, भांडी आम्ही दोघंच निवडणार, तू फक्त बरोबर चल," तेव्हा मला मनापासून आनंद झाला. भाची आणि तिचा होणारा नवरा, दोघांनी बसून यादी केली होती. तिच्यात रुखवतासाठी काही नव्हतं. होतं ते रोजच्या स्वयंपाकाचं, कारण स्वयंपाक दोघंही करणार आहेत.

रुखवताशी माझं भांडण नाही. साखरेची फळं, विणलेली तोरणं, डाळ-तांदळाच्या दाण्यांची नक्षी, यांत घरातल्या बायकांनी जागवलेल्या रात्री असतात. पण त्या टेबलावरची भांडी बहुतेकदा लोकांनी पाहावीत म्हणून घेतलेली असतात. चकचकीत कागदात गुंडाळलेली ती कार्यालयातून थेट माळ्यावर जातात आणि मुलं शाळेत जायला लागली तरी खोक्यातच राहतात. तोवर खालच्या ओट्यावर पातळ बुडाच्या पातेल्यात रोज दूध लागत असतं.

तेव्हा आम्ही बुडापासूनच सुरुवात केली. पातेलं हातात घेतलं की आधी ते तळाशी किती जड आहे ते पाहायचं. नुसत्या स्टीलमध्ये उष्णता सावकाश पसरते, म्हणून जिथे ज्योत लागते तिथेच पदार्थ धरतो. दोन स्टीलच्या पत्र्यांमध्ये ॲल्युमिनियमचा थर असलेलं पातेलं महाग पडतं, पण खीर करणाऱ्याला ते विसावा देतं. मग काठ. काठ बाहेर वळलेला असेल तर सांडशी नीट धरते आणि आमटी ओतताना ओघळ खाली येत नाही. परात मात्र मी त्यांना गरजेपेक्षा मोठीच घ्यायला लावली. दोघांची कणीक लहान परातीत मळता येते, पण घरात पाहुणे उतरले की हाताला जागा लागते. परातीच्या कडांना कोपर आपटत राहिलं तर पोळ्या करणाऱ्याचा जीव निम्म्यातच थकतो.

कुकर त्यांनी चटकन घेतला. प्रेस्टिज आणि हॉकिन्स हे दोन्ही १९५९ च्या सुमाराला आपल्याकडे सुरू झाले आणि लग्नाच्या यादीत त्यांनी असं घर केलं की कुकरशिवाय आहेर आता कुणाला सुचत नाही. म्हणूनच एका लग्नात चार-चार कुकर येतात.

तांब्या-पितळेसाठी मी त्यांना पुण्यातल्या कसबा पेठेतल्या तांबट आळीत नेलं. पेशवाईपासूनची ही आळी. उंबऱ्याच्या आत ऐरणीवर भांडं फिरत असतं आणि त्यावर हातोडीचे ठोके एकाच लयीत पडत असतात. हे मठारकाम. अंगभर उठलेले ते चमकदार ठसे शोभेचे वाटतात, पण त्यांचं काम निराळं आहे. तांबं मुळात मऊ. ठोके खाऊन ते घट्ट होतं, ताठ होतं, सहजी पोचत नाही. ठोक्यांची रांग सरळ ठेवायची, एकही ठसा दुसऱ्यावर चढू द्यायचा नाही, हे डोळ्यांनी मोजून होत नाही. ते मनगटात मुरलेलं असतं. नवरामुलगा बराच वेळ नुसता पाहत उभा राहिला. मग त्याने यादीत नसलेली कळशी निवडली. यादी मोडली याचा मला आनंदच झाला.

पितळी पातेलं घ्यावं का, यावर थोडा वाद झाला. पितळेत आंबट ठेवलं की कळकतं, म्हणून आतून कल्हई हवी. तापलेल्या भांड्यात नवसागर टाकला की पांढरा धूर उठतो, कथील २३२ अंशांवर वितळतं आणि कापसाच्या एका फेऱ्यात पिवळं भांडं रुपेरी होतं. हे सगळं सुंदर आहे, पण कल्हईवाला आता दारावर येत नाही. त्याला शोधत जावं लागतं. तेवढं करायची तयारी असेल तरच पितळ घ्या, असं मी स्पष्ट सांगितलं. त्यांनी एकच घेतलं, वरणासाठी. बिडाचा तवा मात्र डोळे मिटून घेण्यासारखा. तेल पीत पीत तो काळा कुळकुळीत होतो आणि त्यावरचं घावन अलगद सुटतं. फक्त तो हातातून पडू द्यायचा नाही, कारण बीड वाकत नाही, तडकतं.

खरा प्रश्न घरी उठला. भाचीने उरलेली यादी नातेवाइकांना पाठवली: ज्याला जे द्यावंसं वाटेल त्याने त्यापुढे आपलं नाव लिहावं. बहीण हबकली. "अगं, आहेर कधी मागून घेतात का? लोक काय म्हणतील?" मला बहिणीची कळकळ समजते. एकीकडे पत्रिकेवर 'कृपया आहेर आणू नये' छापायचं आणि दुसरीकडे परात मागायची, हे तिला पटेना. पण आमच्याच लहानपणी लग्न ठरलं की दुपारी मावश्या, आत्या, माम्या बसत आणि हंडा कुणी घ्यायचा, समई कुणी, ताटं-वाट्या कुणी हे आपसात ठरवत. यादी तेव्हाही होती. ती नवरीला दाखवत नसत एवढंच.

आणि यादी कायद्यालाही हवी असते. हुंडाबंदीचा कायदा १९६१ चा. त्याखालचे १९८५ चे नियम सांगतात की लग्नात मिळालेल्या भेटींची नोंद ठेवावी: वस्तू काय, अंदाजे किंमत किती, कुणी दिली, नातं काय, आणि खाली वधूवरांच्या सह्या. त्याच वर्षी प्रतिभा राणी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की स्त्रीधन सासरी ठेवलं तरी मालकी तिचीच. कितीतरी बायकांना घर सोडताना आपल्या नावाची परातही मागता आलेली नाही. म्हणून यादी करताना संकोच वाटू नये, असं मला फार वाटतं. मागणं आणि उकळणं यांतला फरक ज्या घराला कळतो, तिथे मुलीने मोकळेपणी सांगावं की मला काय लागेल.

भांड्यांवर नाव घालण्याची प्रथा मला यासाठीच आवडते. पूर्वी टोचून घातलेली अक्षरं असत, आता यंत्र घरघरतं. आईच्या ताटांवर 'सप्रेम भेट' आहे, तारीख आहे, आणि आता हयात नसलेल्या माणसांची नावं आहेत. ताट घासताना ती बोटांना लागतात. दुकानदाराने विचारलं, "काय घालू?" दोघांनी आपापली नावं सांगितली, शेजारी शेजारी, आडनावाशिवाय.

यादीतलं पुरणयंत्र आत्याने आधीच घेऊन ठेवलंय. पोळपाट शिसवी हवा की सागवानी, यावर मामा-मामींचं अजून जमत नाही. सोऱ्या कुणाच्याच नावापुढे नाही. तो मी घेणार आहे, पितळी, जाड चकत्यांचा, दिवाळीआधी.