संपलेल्या सेलांची विचारपूस

ट्रॉम्बे, रविवार दुपार

अगं, तुझं पत्र मिळालं. दोन पानं गुडघ्यांवर, एक पान सुनेच्या केकवर आणि शेवटी, जाता जाता, तो तुमच्या तिथल्या दुकानाच्या दाराशी ठेवलेला संपलेल्या सेलांचा डबा! तुला वाटलं असेल, त्यात हिला काय रस. पण तुला सांगते, मी तेवढाच भाग पुन्हा पुन्हा वाचला. दूध आणायला जाताना घड्याळाचे, रिमोटचे संपलेले सेल पर्समध्ये टाकायचे आणि त्या डब्यात सोडून यायचं. आणि हे कोण करतंय, तर तू! जिच्या दप्तरात सहावीतली करवंदं सातवीत सापडली होती, ती! बाईंना जमलं नाही ते स्टुटगार्टला जमलं म्हणायचं.

आपल्या लहानपणी सेल मरायचेच नाहीत, आठवतं? तुझी आजी टॉर्चचे सेल गच्चीत वाळवणाशेजारी उन्हात मांडायची. एका बाजूला पापड, दुसऱ्या बाजूला एव्हरेडी. टॉर्चमधून निवृत्त झालेले सेल ट्रान्झिस्टरमध्ये जायचे, तिथून भिंतीवरच्या घड्याळात. अगदीच थकले की आपण ते फोडून आतला काळा दांडा काढायचो आणि त्याने फरशीवर लंगडीचे चौकोन आखायचो. हात कोपरापर्यंत काळे. तुझी आई ओरडायची ती फक्त फरशीसाठी.

आता इथली बातमी. भाच्याने विजेची स्कूटर घेतली. आली त्या संध्याकाळी सगळी सोसायटी खाली उतरली होती. तळमजल्यावरच्या काकूंनी हँडलला लिंबू-मिरची बांधली, तिसऱ्या मजल्यावरचे निवृत्त काका वाळूची बादली घेऊन आले आणि शेजारी ठेवून गेले. भाच्याचा चेहरा बघायला हवा होतास. मग पार्किंगमध्ये चार्जिंगचा पॉइंट द्यायचा की नाही यावर सभा बसली, ती चहा संपून गेला तरी उठेना.

पण लोक घाबरतात ते उगाच नव्हे गं. 2022 च्या मार्चमध्ये पुण्यात धानोरीला भर रस्त्यात उभी स्कूटर पेटली, तो व्हिडिओ सगळ्यांनी पाहिला होता. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये वसईला घरात चार्जिंगला लावलेल्या बॅटरीचा स्फोट झाला आणि सात वर्षांचा एक मुलगा गेला. वसई म्हणजे काही लांब नाही. त्या आईचा विचार मनात आला की अजून पोटात कालवतं.

भाच्याने मला ती बॅटरी सीटखालून काढून दाखवली. उचलून बघितली, चांगली जड आहे. म्हणाला, मावशी, आत पेन्सिल सेलपेक्षा जरा जाडजूड असे शेकडो सेल खेटून बसवलेत. प्रत्येक सेलमध्ये धन आणि ऋण बाजूंच्या मध्ये केसापेक्षा पातळ पडदा असतो. तो फाटला किंवा वितळला की सेल आतून तापत जातो. मग एकाची आग शेजारच्याला आणि शेजारच्याची पलीकडच्याला लागते, चाळीत एका खोलीतलं भांडण जिन्यापर्यंत पोचावं तशी. विझली असं वाटलं तरी काही वेळाने पुन्हा भडकते.

2022 च्या त्या आगींनंतर सरकारने तज्ज्ञांची समिती नेमली आणि एआयएस-156 नावाचं मानक कडक केलं. पुण्यात वेताळ टेकडीवर ती एआरएआय संस्था आहे ना, तुझ्या मावसभावाच्या घरून दिसायची ती, तिच्यामार्फत ही मानकं निघतात. पहिला टप्पा डिसेंबर 2022 पासून, दुसरा 31 मार्च 2023 पासून. आता चाचणीत एक सेल मुद्दाम बिघडवतात आणि बाकीची बॅटरी पेट घेत नाही ना ते बघतात. पाण्यात बुडवूनही तपासतात. आत तापमान मोजणारे सेन्सर हवेत, कोंडलेला वायू निघून जायला वाट हवी, गडबड झाली तर गाडीने आवाज करून सांगायला हवं. मी हे सभेत सांगितलं तेव्हा काकांनी बादली उचलली नाही, पण पॉइंटला हो म्हणाले. स्वतंत्र वायर, स्वतंत्र एमसीबी, आणि जिन्याखाली चार्जिंग नाही म्हणजे नाही.

सभेत एकाही माणसाने विचारलं नाही ते मला रात्री झोपताना सुचलं. ही बॅटरी संपल्यावर जाणार कुठे? दुसऱ्या दिवशी भाच्याला घेऊन विकणाऱ्याकडे गेले. तो हसून म्हणाला, आजी, अजून पुष्कळ वर्षं आहेत, तेव्हाचं तेव्हा बघू. (आजी म्हणाला मला! तुझे केस पांढरे, माझे नाहीत, तरी.) बॅटरीच्या अंगावर मात्र चाकाच्या कचरापेटीवर फुली मारलेलं चित्र छापलेलं आहे. कचऱ्यात टाकू नका एवढं ते चित्र सांगतं.

तुला मंडाळे आठवतंय? मानखुर्दहून आपल्याकडे येताना डाव्या-उजव्या हाताला भंगाराची गोदामं. मागच्या महिन्यात पंख्याची मोटर द्यायला एका गल्लीत गेले होते. एक मुलगा, असेल पंधरा-सोळाचा, उकिडवा बसून यूपीएसची करडी बॅटरी छिन्नी-हातोडीने उघडत होता. वरचं झाकण उडालं, त्याने बॅटरी कलती केली, पाण्यासारखं दिसणारं आम्ल सरळ गटारात. मग आतल्या शिशाच्या पाट्या उचकटून गोणीत. हातमोजे नाहीत, तोंडाला काही नाही. मला बघून म्हणाला, "काकी, बाजूला व्हा, कपड्यावर उडेल." माझ्या साडीची काळजी त्याला. त्याच हाताने मग त्याने वडापाव खाल्ला.

शिसं रक्तात गेलं की लहान मुलांच्या मेंदूवर बसतं, आणि झालेलं नुकसान भरून येत नाही. 2020 साली युनिसेफ आणि प्युअर अर्थ यांनी मिळून काढलेल्या अहवालात होतं की जगातल्या दर तीन मुलांमागे एकाच्या रक्तात शिशाचं प्रमाण काळजी वाटावी इतकं आहे, आणि त्यातली 27 कोटींहून जास्त मुलं भारतातली. जुन्या बॅटऱ्या अशा उघड्यावर फोडणं आणि वितळवणं हे त्याच्या मोठ्या कारणांपैकी एक.

आणि हे कुठे, तर आपल्या ट्रॉम्ब्यात! तुझे बाबा सांगायचे ते मला त्या गल्लीत उभ्या उभ्या आठवलं. अणुकेंद्रात आत गेलं की छातीला बिल्ला लावायचा, बाहेर पडताना तो फळीवर आपल्या खणात ठेवायचा, आणि त्या बिल्ल्यावरून कुणाच्या अंगाला किती किरणोत्सार लागला याची नोंद व्हायची. मर्यादा गाठली की माणसाला त्या कामावरून बाजूला करायचे. इथेच 1965 च्या जानेवारीत लालबहादूर शास्त्रींनी प्लुटोनियमच्या कारखान्याचं उद्घाटन केलं. अणुभट्टीत वापरून झालेलं इंधन विरघळवून त्यातलं कामाचं वेगळं काढायचा तो देशातला पहिला कारखाना. म्हणजे वापरलेल्या वस्तूतून पुन्हा मोलाचं काढणं हे आपल्या गावाला नवं नाही. अणुशक्तीनगरात नियामक भवन उभं आहे, 1983 साली स्थापन झालेल्या अणुऊर्जा नियामक मंडळाचं. इथल्या माणसांनी नियम पाळून दाखवलेत, आणि ते पाळता यावेत म्हणून मोजमाप ठेवलंय. मग त्याच ट्रॉम्ब्याच्या वेशीवरच्या या पोराच्या छातीवर बिल्ला का नाही? त्याच्या रक्तातलं शिसं कोण मोजणार? मला याचा फार राग येतो गं. तुझ्याशी नाही बोलायचं तर कुणाशी?

कायदा नाही असं नाही. ऑगस्ट 2022 मध्ये बॅटरी कचरा व्यवस्थापन नियम आले. त्याआधी 2001 चे होते, पण ते फक्त शिशाच्या बॅटऱ्यांपुरते. आता मनगटी घड्याळाच्या सेलपासून बसच्या बॅटरीपर्यंत सगळं आलं. जो बनवतो किंवा आयात करतो त्याने ती परत गोळा करून पुनर्प्रक्रियेला पाठवायची. पुरायची नाही, जाळायची नाही. लहान सेलांमधून आणि विजेच्या गाड्यांच्या जुन्या बॅटऱ्यांतून कारखान्याने किती माल परत काढायचा तेही ठरलंय: 2024-25 ला 70 टक्के, पुढच्या वर्षी 80, 2026-27 पासून 90. शिवाय 2027-28 पासून अशा नव्या बॅटरीत काही हिस्सा जुन्यातून काढलेलाच वापरावा लागणार. मला हे नियम मनापासून आवडले. ज्याने विकलं त्याने निस्तरावं, इतकी साधी गोष्ट आपल्याकडे कागदावर यायला एवढी वर्षं लागली, पण आली.

अडतं कुठे, सांगते. शिशाची बॅटरी तू कधी उकिरड्यावर पाहिलीस? नाही ना. कारण शिशाला भाव आहे. इन्व्हर्टरची नवी घेताना दुकानदार जुनीचे पैसे वळते करतो, त्यामुळे ती परत येतेच. फक्त नोंदलेल्या कारखान्यात जाते की त्या गल्लीत, एवढाच प्रश्न. लिथियमचं तसं नाही. मोबाइलच्या बॅटरीत कोबाल्ट असतं, त्याला गिऱ्हाईक आहे. कारखान्यात दळून तिची काळी भुकटी करतात, ती आम्लात विरघळवून एकेक धातू वेगळा काढतात. पण स्वस्त गाड्यांमध्ये आता लोह-फॉस्फेटच्या बॅटऱ्या येतात. आगीच्या बाबतीत त्या जास्त सुरक्षित, पण त्यात ना कोबाल्ट ना निकेल. भंगारवाला ती का उचलेल? पत्रा काढून घेईल आणि उरलेलं खाडीच्या कडेला. म्हणजे जिथे बाजार भाव देत नाही, तिथे कायद्याने भाव द्यायला हवा.

तुमच्याकडे ते करून दाखवलंय. तूच लिहिलं होतंस ना, गाडीची बॅटरी घेताना जुनी दिली नाही तर साडेसात युरो जास्तीचे ठेवून घेतात आणि जुनी आणून दिली की परत करतात? आपल्या नियमांतही अशी अनामत ठेवायची सोय आहे, पण ती उत्पादकाच्या मर्जीवर सोडली आहे. ती सक्तीची हवी, स्कूटरच्या बॅटरीवर तर हवीच. आणि ती रक्कम बॅटरी आणून देणाऱ्याला मिळावी, मग तो माझा भाचा असो की मंडाळ्यातला तो मुलगा. त्याला फोडून मिळतात त्यापेक्षा अख्खी नेऊन देण्याचे पैसे जास्त मिळाले तर तो छिन्नीला हात कशाला लावेल?

आत्ता पैसा फिरतो तो प्रमाणपत्रांतून. कारखान्याने इतक्या किलोवर प्रक्रिया केली की त्याला प्रमाणपत्र मिळतं, बॅटरी कंपनी ते विकत घेते, सगळं केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या पोर्टलवर. पद्धत वाईट नाही, पण कुणीतरी जाऊन बघायला हवं. प्लास्टिकसाठी अशीच प्रमाणपत्रं आहेत, तर 2023 मध्ये त्या मंडळाच्याच तपासणीत काही लाख खोटी निघाली, त्यात महाराष्ट्रातलेही कारखाने होते. आपल्या राज्याचं मंडळ सायनला बसतं. तिथून मंडाळे किती लांब आहे, तूच सांग.

तुमच्या युरोपात तर म्हणे 18 फेब्रुवारी 2027 पासून मोठ्या बॅटऱ्यांना पासपोर्ट! कुठे बनली, आत काय आहे, सगळं त्यात. स्कूटरच्या बॅटरीलासुद्धा. तुझ्या पासपोर्टसाठी तू वरळीला किती खेटे घातले होतेस, आणि फोटोत डोळे मिटलेले आले म्हणून रडली होतीस. बॅटरीचे डोळे तरी मिटणार नाहीत.

मी इथे काय केलं विचारशील. सोसायटीच्या जिन्यात सेलांसाठी एक झाकणाची बरणी ठेवली आहे. लिथियमच्या बॅटऱ्यांच्या टोकांना चिकटपट्टी लावून मगच टाकायच्या, म्हणजे एकमेकींना टेकून ठिणगी पडत नाही. पहिल्या आठवड्यात त्यात बसची तिकिटं आणि एक चॉकलेटचा कागद निघाला. आता काकूंच्या नातवाला पहारेकरी नेमलंय, तो फार कडक आहे, माझीच झडती घेतो. बरणी भरली की नोंदणी असलेल्या गोळा करणाऱ्याकडे पाठवायची. तसा एक मिळालाय, पण एवढ्याशासाठी तो ट्रॉम्ब्यापर्यंत यायला कुरकुरतो. म्हणून शेजारच्या दोन सोसायट्यांना धरते आहे. आणि पालिका आयुक्तांना पत्र लिहितेय, अनामतीबद्दल आणि मंडाळ्यात मुलांच्या रक्ततपासणीबद्दल. मसुदा तुला पाठवते. शुद्धलेखन बघ, पण माझी वाक्यं नेहमीसारखी अर्धी करू नकोस.

डिसेंबरला येताना एक लक्षात ठेव. पॉवर बँक मोठ्या बॅगेत टाकू नकोस, ती विमानात हातातल्या बॅगेतच न्यावी लागते, आणि शंभर वॉट-तासांच्या आतलीच आण, त्याहून मोठीला विमान कंपनीची परवानगी लागते. मागच्या वेळी तू विमानतळावर सगळी बॅग उलटीपालटी केली होतीस, सुकामेवा अजून त्यांच्या यंत्रात असेल. कोळीवाड्यात सुक्या बोंबलांचं सांगून ठेवलंय. सुनेला आधी विचार, मग माझ्यावर खापर फोडू नकोस. आणि गुडघ्यांना तेल लाव, केकवर भागणार नाही.

तुझीच