लहान भूमिकांची नेमणूक

१९१३ सालचा ‘राजा हरिश्चंद्र’ काढताना दादासाहेब फाळक्यांना तारामतीसाठी कोणी स्त्री मिळेना, तेव्हा ग्रँट रोडवरच्या एका उपाहारगृहात स्वयंपाक करणाऱ्या अण्णा साळुंके नामक तरुणाला त्यांनी त्या भूमिकेत उभे केले, ही हकिगत सर्वश्रुत आहे. परंतु पात्रनिवडीवरच ज्याचा चरितार्थ चालतो अशा माझ्यासारख्याला तीत अगतिकतेपेक्षा दृष्टीच अधिक दिसते, कारण चारच वर्षांनी ‘लंकादहन’मध्ये राम आणि सीता या दोन्ही भूमिका फाळक्यांनी त्याच साळुंक्यांकडून करवून घेतल्या, आणि तेव्हा काही केवळ नाइलाज उरला नव्हता.

पुढे ‘प्रभात’सारख्या संस्थांत नटमंडळी पगारी असत, त्यामुळे पात्रनिवडीचे निराळे दप्तर उघडण्याचे प्रयोजनच नव्हते. ती व्यवस्था मोडली आणि हे काम दिग्दर्शकाचे साहाय्यक व एक्स्ट्रा पुरवणारे यांच्यात वाटले गेले. १९९४च्या ‘बँडिट क्वीन’साठी तिग्मांशू धुलिया यांनी केलेली निवड पाहिल्यावर मात्र हा स्वतंत्र बुद्धीचा व्यवसाय आहे, असे हिंदी चित्रसृष्टीला मानणे भाग पडले. मनोज बाजपेयी, सौरभ शुक्ला, निर्मल पांडे हे त्या काळी अनोळखी असलेले नट त्याच चित्रपटातले.

नायक कोण, हे बहुधा भांडवल ठरवते. आमची मसलत तेथे नावापुरतीच. आमचा खरा अंमल चालतो तो हवालदार, शेजारीण, शाळेचा शिपाई, इस्पितळातली आया यांच्यावर. अंधेरीच्या आरामनगरातल्या आमच्या खोलीत उमेदवार नाव, वय, उंची सांगतो, डावी-उजवी बाजू दाखवतो आणि मग आमच्यापैकीच एकजण समोरच्या पात्राचे संवाद मुद्दाम सपाट आवाजात वाचतो. उमेदवाराची स्वतःची वाक्ये मी फारशी ऐकत नाही (ती त्याने रात्रभर घोकलेली असतात). दुसरा बोलत असताना तो काय करतो, एवढेच पाहतो. कच्चा नट तेव्हा आपली पाळी येण्याची वाट पाहत असतो, आणि कित्येकदा त्याचे ओठ समोरच्याच्या वाक्याबरोबर हलत असतात.

एकदा तलाठी कार्यालयातल्या कारकुनाची जागा भरायची होती. तीन वाक्यांची भूमिका. प्रसंगातला अर्जदार आत येताच बाकीचे सारे उमेदवार चटकन मान वर करीत, कारण कॅमेऱ्याला चेहरा दिसावा हीच त्यांची तळमळ. परंतु एका पोक्त गृहस्थाने आधी हातातली ओळ पुरी लिहिली, पेनाला टोपण लावले, ते खिशाला अडकवले, आणि मगच, किंचित त्रासिकपणे, वर पाहिले. त्या तीन-चार क्षणांत सबंध सरकारी कचेरी खोलीत अवतरली. तो धंदेवाईक नट नव्हता, याचा मला विषाद वाटला नाही. चैतन्य ताम्हाणे यांच्या ‘कोर्ट’मध्ये लोकशाहिराची मध्यवर्ती भूमिका वीरा साथीदार या प्रत्यक्ष चळवळीतल्या कार्यकर्त्याने केली, आणि त्या न्यायालयातले वातावरण इतके अस्सल वाटते ते अशा अनेक अनभ्यस्त चेहऱ्यांमुळे. अर्थात हा काही नियम नव्हे. अनभ्यस्त माणूस पाचव्या टेकला थकतो, कसलेला नट विसाव्यालाही तेच टोपण तितक्याच सावकाशीने लावू शकतो. कोठे कोणाची योजना करावी, याचा तारतम्यभाव हीच आमची विद्या.

या विद्येची दखल घेण्यास अमेरिकेतल्या ऑस्कर अकादमीलाही पुष्कळ अवधी लागला. पात्रनिवडीसाठी स्वतंत्र पारितोषिक ठेवण्याचा निर्णय तिने २०२४ साली जाहीर केला.

पारितोषिकाची गोष्ट मात्र दुय्यम. लातूर-नांदेडकडून तीन वाक्यांच्या आशेवर अंधेरीला उतरणाऱ्या मुलामुलींना एवढेच कळकळीने सांगावयाचे आहे, की आमचा मेहनताना निर्माता देतो. चाचणीसाठी, नावनोंदणीसाठी किंवा शिफारशीसाठी जो कोणी तुमच्यापाशी पैसा मागेल, त्याच्या दारातून तत्काळ परत फिरा.